दाजींच्या नावावरचा भाग

दाजी गेले त्याच्या दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्राच्या आतल्या पानावर छोटी बातमी आली. ‘ज्येष्ठ निर्माते आणि लेखक’ असं म्हणून त्यांच्या मालिकांची नावं दिली होती, दोनपैकी एका चित्रपटाचं नाव दिलं होतं, आणि शेवटी लिहिलं होतं की दर्यात हरवलेल्या नवऱ्याची वाट पाहणाऱ्या बाईची त्यांची मालिका घराघरात पोचली. तिच्यातला नवऱ्याच्या उत्तरकार्याचा भाग तर प्रेक्षक कधीच विसरणार नाहीत.

तो भाग दाजींनी लिहिला नव्हता. मी लिहिला होता. हे तिघांनाच माहीत होतं: दाजींना, मला आणि वाहिनीतल्या एका बाईंना. त्या बाई आता दुसऱ्या वाहिनीत आहेत, त्यांना आठवतही नसेल. दाजी गेले. उरलो मी.

जवळच्या कट्टा गावात एसटी स्टँडसमोर माझं टायपिंग आणि झेरॉक्सचं दुकान होतं. सातबाऱ्याचे अर्ज, लग्नपत्रिकांचे मजकूर, कुणाचा जातीच्या दाखल्यासाठीचा प्रतिज्ञापत्र, असं सगळं मी टाइप करत असे. एके दुपारी पांढरा बुशशर्ट घातलेला, खिशाला दोन पेनं लावलेला एक उंच माणूस आला आणि कागदांचा गठ्ठा टेबलावर आपटून म्हणाला, “ह्या टाइप कर. चुका माज्या आसत, त्यो तशोच ठेव. तुज्या घालू नको.”

हे दाजी. मुंबईत पंचवीस वर्षं काढून गावी परतलेले. तिकडे त्यांनी रेक्झिनच्या पिशवीतून कॅसेटी एका स्टुडिओतून दुसऱ्या स्टुडिओत पोचवण्यापासून सुरुवात केली होती. मग तेरा-तेरा भागांच्या मालिका लिहिल्या, मग स्वतः काढल्या, मग दोन चित्रपट केले. पहिला कसाबसा चालला. दुसरा डब्यातून बाहेरच आला नाही. त्याचे पत्र्याचे गोल डबे त्यांच्या खाटेखाली होते. पाहुणा आला की ते खाली वाकून डबे दाखवत आणि म्हणत, “हो आमचो धाकटो. शाळेतच गेलो नाय.”

ते जुन्या पटकथांच्या पाठकोऱ्या कागदांवर लिहीत. नवीन वही त्यांनी कधी विकत आणली नाही. त्यामुळे आजच्या प्रसंगाच्या मागे पंधरा वर्षांपूर्वीच्या कुठल्यातरी मालिकेतली सासू बोलत असायची. सुरुवातीच्या दिवसांत मी एकदा एक अख्खं पान उलट्या बाजूने टाइप करून दिलं. दाजींनी ते उभ्या उभ्या वाचलं, भुवया वर गेल्या. “ह्या बरा आसा रे. कोणी लिवला?”

“तुमीच,” मी म्हटलं.

ते बराच वेळ त्या पानाकडे बघत राहिले. मग म्हणाले, “तेवा बरो लिवी होतंय मी.” आणि ते पान त्यांनी चालू मालिकेत घालून टाकलं. कुणाला पत्ता लागला नाही.

महिन्याभरात त्यांनी मला दुकानातून उचललं. आधी टायपिस्ट, मग मालवणी तपासणारा, मग संवाद लिहिणारा. पडद्यावर माझं नाव ‘संवाद साहाय्य’ म्हणून येऊ लागलं तरी ते मला हाक मारायचे ती ‘टायपिस्ट’ अशीच. मला त्याचा राग यायचा. तो राग मी कधी दाखवला नाही, आणि हे चांगलं केलं असं आता वाटत नाही. दाखवला असता तर कदाचित तिथेच संपला असता.

लिहिलेला प्रसंग ते वाहिनीला पाठवण्याआधी गावातल्या काजूच्या शेडमध्ये नेऊन वाचायचे. तिथे बारा-पंधरा बायका बसून काजूगरांची साल काढत. दाजी एका उलट्या क्रेटवर बसून सगळ्यांचे आवाज काढत वाचायचे, नजर मात्र कागदावर कमी आणि बायकांच्या हातांवर जास्त. हात थांबले की प्रसंग पास. हात चालूच राहिले तर ते मधेच थांबून पान फाडायचे आणि म्हणायचे, “मेलो ह्यो. उद्या दुसरो हाडतंय.” शेडचा मालक डोक्याला हात लावायचा. “दाजीनू, तुमचो सीन बरो झालो की माजो माल कमी होता!”

बायकाही भिडस्त नव्हत्या. एकदा एक म्हातारी म्हणाली, “ती सून चार दिस रडता आसा. मगे तेंच्या घरात भांडी कोण घासता?” दाजींनी तिथल्या तिथे पेन काढलं आणि सून भांडी घासता घासता रडायला लागली. वाहिनीतून फोन आला की नायिकेच्या हाताला राख दिसते आहे. दाजी म्हणाले, “रडणं ठेवू की राख ठेवू, एक काय ते सांगा. दोन्ही काढून माझ्याकडे काही उरत नाही.”

फोनवर ते शुद्ध मराठी बोलत. आमच्याकडे रेंज यायची ती फक्त दाजींच्या आवाराच्या गडग्यावर, दगडी कुंपणावर, चढलं की. त्यामुळे निर्माता-लेखक गडग्यावर उभा राहून मुंबईशी भांडतो आहे आणि खालून जाणारी माणसं “दाजीनू, पडशात हां,” म्हणताहेत, हे आमच्या गावाचं रोजचं दृश्य होतं.

चित्रीकरणाच्या प्रत्येक फेरीच्या पहिल्या दिवशी नारळ ठेवून ते स्वतः गाऱ्हाणं घालायचे. त्यात ग्रामदेवतेपासून जनरेटरपर्यंत सगळे यायचे. “आणि ती मुंबयची जी मंडळी काचेच्या घरात बसान आमका फोन करतत, तेंकाय जरा गरम भात आणि सुबुद्धी दी रे म्हाराजा!” सगळं युनिट ओरडायचं, “होय म्हाराजा!” मुंबईहून आलेले कॅमेऱ्याचे लोकही ओरडायचे, काय ते न कळता.

स्वतःची मालिका त्यांनी कधी पाहिली नाही. ती लागायच्या वेळी, संध्याकाळी, ते वाडीच्या एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे चालत जायचे आणि घराघरातून येणारे स्वतःचे संवाद ऐकायचे. एखाद्या घरात संवाद चालू असताना कुणी दुसरंच काही बोललं की तिथे थांबायचे. परत आल्यावर मला सांगायचे, “तिसऱ्या घरात माज्या नायिकेपरास कांद्याचो भाव मोठो झालो. तो सीन पातळ होतो.”

आता सुमावयनींबद्दल.

त्या शेडच्या दाराजवळ बसायच्या. वय तेव्हा चाळिशीच्या आसपास. नवरा खलाशी म्हणून ट्रॉलरवर गेला होता. वादळात बोट उलटली, बाकीचे सापडले, तो नाही. जिवंत नाही आणि मेलेलाही नाही. आमच्याकडे असं माणूस बारा वर्षं सापडलं नाही तर दर्भाचा पुतळा करून त्याला अग्नी देतात, मग दिवस घालतात, मग बायको विधवा होते. तेव्हा आठच वर्षं झाली होती, तरी सुमावयनींचा दीर दरवर्षी तो विषय काढायचा. जमिनीवरचं भावाचं नाव कमी झाल्याशिवाय त्याचं काही पुढे सरकत नव्हतं. त्या ऐकायच्या नाहीत. मंगळसूत्र गळ्यात, कपाळाला कुंकू.

एका दुपारी वाचन संपल्यावर त्यांनी दाजींना पायरीवर थांबवलं आणि आपण होऊन सगळं सांगितलं. मी वही घेऊन शेजारी उभा होतो. नवऱ्याचा एक निळा चौकडीचा शर्ट होता. दर सोमवारी त्या तो धुवायच्या, वाळवायच्या, घडी करून ठेवायच्या. “इलो तर घालूक काय तरी होया मा,” म्हणाल्या. मग म्हणाल्या, “हो शर्ट कोणाक म्हायत नाय. तुमका सांगतंय. बाकीचा लिवा तुमी. पण एक आसा. माज्या माणसाक मारूचा नाय.”

दाजींनी हातातला गठ्ठा खाली ठेवला. “परत हाडूक जमात की नाय म्हायत नाय. पण मारूचंय नाय. ह्यो माजो शबूद.”

मी साक्षीला होतो.

बातमीत होती ती हीच मालिका. दाजींनी तिच्यात शर्ट घातला नाही. मी एकदा सुचवलं तर म्हणाले, “ता तिचा आसा. माजा नाय.” पण बाकी सगळं होतं, आणि मालिका चालली. गावाला तिचा अभिमान वाटू लागला. आलेल्या पाहुण्यांना लोक सुमावयनींचं घर दाखवू लागले. खुद्द दीर सांगायचा, “टीव्हीतली ती आमचीच वयनी!” आणि उत्तरकार्याचा विषय त्याने सोडून दिला. टीव्हीतली बाई वाट पाहत होती तोवर खऱ्या बाईला वाट पाहायची मुभा मिळाली होती. दाजींना हे कळत होतं. मलाही.

तिसऱ्या वर्षी वाहिनीतल्या त्या बाईंचा फोन आला. दाजी गडग्यावर, मी खाली.

“सर, ऑडियन्स थकलाय. क्लोजर हवं. पुतळ्याचा विधी करू या ना, खूप व्हिज्युअल आहे.”

“इथली बाई अकरा वर्षं थकली नाही. तुम्ही तीन वर्षांत थकलात?”

पुढे आठवडाभर हेच चाललं. शेवटी वाहिनीने स्पष्ट सांगितलं: विधी दाखवा, नाहीतर मालिका बंद. दाजी म्हणाले बंद करा. मग गडग्यावरून उतरले, आवारात जेवायला बसलेल्या युनिटकडे पाहिलं आणि म्हणाले, “मी जाऊन वरच्या माणसाक भेटतंय. तोंडान सांगला तर ऐकतलो.”

मी त्यांना स्कूटरवरून कुडाळला स्टेशनवर सोडलं. गाडीत चढताना म्हणाले, “मी येयसर नवीन कायेक लिवू नको. चुलीकडचे दोन सीन आसत, ते काढा.”

दुसऱ्या दिवशी सकाळी गडग्यावर असताना मला फोन आला. त्याच बाई. “सर इथेच आहेत, आमचं बोलणं चाललंय. तुम्ही तोपर्यंत विधीचा भाग लिहून आज शूट करून ठेवा. तुम्ही तिथलेच आहात, तुम्हाला ते नीट माहीत असेल.” मग त्या म्हणाल्या, “आणि हे बघा, पुढे सगळं तुम्हालाच बघायचंय.”

मी पुष्कळ वर्षं स्वतःला सांगत आलो की युनिटमधल्या साठ माणसांसाठी मी ते केलं. ते खोटं आहे. ‘तुम्हालाच’ या शब्दासाठी केलं. ज्याला टायपिस्ट म्हणतात त्याला ते वाक्य ऐकायला मिळालं आणि त्याने दुसरं काही ऐकलं नाही.

तरी मी वाईट लिहू शकलो असतो. भटजी, दर्भ, अग्नी, रडारड, असं काहीतरी भरून भाग पाठवता आला असता. पण मी चांगलं लिहायला बसलो. तिसऱ्या पानावर अडकलो. पुतळा गवताचा, त्याच्याकडे बघून बाईला रडू कसं यावं? आणि मग मला शर्ट आठवला. बाई आतून घडी केलेला शर्ट आणते आणि स्वतःच्या हातांनी पुतळ्याला घालते, बटणं लावते, एक बटण तुटलेलं आहे. तुटलेलं बटण माझं. बाकी सुमावयनींचं. ते सुचलं तेव्हा मला जो आनंद झाला तसा आयुष्यात थोड्याच वेळा झाला असेल.

दिवस मावळायच्या आत किनाऱ्यावर तो प्रसंग घेतला. लाइटवाले रडले. नायिकेला ग्लिसरीन लागलं नाही.

दाजी तिकडे सकाळी दहापासून संध्याकाळी पाचपर्यंत वाहिनीच्या स्वागतकक्षात बसून होते. गळ्यात पाहुण्याचा बिल्ला. कुणी भेटलं नाही. तिसऱ्या दिवशी ते परत आले आणि घराकडे न जाता आधी किनाऱ्यावर आले. वाळूवर जळलेल्या गवताचा काळा गोल होता.

“कोणी लिवल्यान?”

“वाहिनीकडून इला,” मी म्हटलं.

त्यांनी माझ्याकडून पानं घेतली. टाइप केलेली, मागची बाजू कोरी. उभ्या उभ्या वाचली. शेवटच्या पानावर बराच वेळ थांबले.

“शर्ट वाहिनीक कसो म्हायत झालो?”

मी पानं परत घ्यायला हात पुढे केला.

“तीन माणसांका म्हायत होतो. तिका, माका आणि तुका.” त्यांनी पानांची घडी करून मला परत दिली. “बरो लिवलंस हां,” म्हणाले. टोमणा नव्हता तो. लेखक म्हणून त्यांनी खरं सांगितलं, आणि ते मला आजही सहन होत नाही.

भाग मुंबईला पोचलेला होता. करारात लेखक म्हणून त्यांचंच नाव होतं, त्यामुळे पडद्यावरही तेच आलं. तो भाग लागला त्या संध्याकाळी दाजी वाडीत फिरायला गेले नाहीत. मी गेलो. माझी वाक्यं चालू असताना एकाही घरात कुणी बोलत नव्हतं. शेजाऱ्यांकडे टीव्ही पाहायला गेलेल्या सुमावयनी मधेच बाहेर आल्या आणि माझ्या अंगावरून आपल्या घराकडे गेल्या. मी त्यांना दिसलोच नाही.

पुढच्या वर्षी बारा वर्षं पुरी झाली आणि दीर भटजींना घेऊन आला. “टीव्हीत तिणा केल्यान, तुका काय झाला?” त्याने शर्ट मागितला. शर्ट आहे हे आता सगळ्या गावाला माहीत होतं. भटजी म्हणाले, शास्त्रात शर्टाची गरज नाही. दीर म्हणाला, “टीव्हीर दाखवल्यानी तसाच होवक होया.” शर्ट पुतळ्याला घातला आणि जाळला. मी तिथे नव्हतो. हे मला शेडमधल्या बायकांनी सांगितलं. सुमावयनी तिथे एवढंच म्हणाल्या होत्या, “दाजीन शबूद दिल्यान आणि मोडल्यान.”

दाजी त्यानंतर एकदा शेडमध्ये गेले. कुणी त्यांना काही बोललं नाही. त्यांचा क्रेट सरळ करून त्यात काजू भरून ठेवले होते. ते थोडा वेळ उभे राहिले आणि परत आले.

मी त्यांना म्हटलं, “दाजीनू, तेंका सांगा ना, तुमी नाय लिवलात म्हणान.”

“काय सांगू? माज्या माणसान लिवला म्हणान?” ते माझ्याकडे बघत म्हणाले. “तू माजोच माणूस मा? मगे ता मीच लिवलंय. नाव माजा आसा.”

तेव्हा मी जाऊन सांगायला हवं होतं. सुमावयनींचं घर हाकेच्या अंतरावर होतं.

त्यांनी मालिका वाहिनीच्या हवाली केली आणि अंग काढून घेतलं. मी ती आणखी वर्षभर लिहिली, मग मुंबईला गेलो. आता मी बऱ्यापैकी मोठा लेखक आहे. एखाद्या मालिकेत मोठं मरण असलं की इतर लेखकांना बाजूला सारून मला बोलावतात. त्यात माझा हातखंडा आहे असं मानलं जातं. दाजींनी पुन्हा काही लिहिलं नाही. दर मे महिन्यात मी त्यांना भेटायला जायचो. ते खाटेवर पडल्या पडल्या विचारायचे, “काय टायपिस्ट, ह्या वर्सा कोण कोण मेले?” मी नावं सांगायचो. ते मोजल्यासारखे ऐकायचे. मग चहा यायचा. सुमावयनींचा विषय त्यांनी कधी काढला नाही आणि मीही नाही. एकदा मी उठताना एवढंच म्हणाले, “ती माज्या दारावरसून जाता, पण बघणा नाय.” आणि कूस बदलली.

या मे महिन्यात ते गेले. मी पोचलो तो दहाव्या दिवशी. दाजींच्या घरून उठून मी सुमावयनींकडे गेलो. त्या घरापुढच्या खळ्यात कोकमासाठी रातांबे फोडत बसल्या होत्या. केस पांढरे, कपाळ मोकळं. मला ओळखलं. “मुंबयसून इलंस? बस.”

मी बसलो आणि लगेच बोललो, नाहीतर राहून गेलं असतं. “वयनी, तो भाग दाजींनी लिवलेलो नाय. मी लिवलंय. ते मुंबयक होते. तेंका म्हायतच नव्हता.”

“खयचो भाग?”

“शर्टाचो.”

त्यांनी फोडलेला रातांबा टोपलीत टाकला. मग म्हणाल्या, “मगे तेनी माका कित्या सांगूक नाय?”

“तेंच्या नावावर होतो म्हणान.”

“आणि तू?”

“भियालंय.”

“इतकी वर्सा मी तेंच्या दारावरसून तोंड फिरवून गेलंय. त्या दिसा तेंका उचलल्यानी तेवा सगळो गाव गेलो. मी गेलंय नाय. हयसर बसान होतंय.” आवाज चढला नव्हता. “ह्या तू दहा दिस आदी सांगलं असतंस तरी चालला असता रे.”

मी माफी मागितली. ती कुणालाच पोचत नाही हे बोलतानाच कळत होतं. त्यांनी ते शब्द ऐकले की नाही, माहीत नाही. त्या दुसराच काही विचार करत असाव्यात, कारण थोड्या वेळाने त्यांनी मान वर केली आणि विचारलं, “माज्या माणसाक मारूचा ह्या तूच ठरवलंस?”

“होय.”

“मगे खंय मेलो तो?”

मला वाटलं, टोचून बोलताहेत. मी त्यांच्या तोंडाकडे पाहिलं. तिथे राग नव्हता. “पाण्यात मेलो, काय खंय जमनीर लागान मेलो? बुडालो, काय उपाशी रवलो? भटजीक विचारलंय, तेका म्हायत नाय. दिराक म्हायत नाय. तू लिवलंस म्हणजे तू कायतरी धरलं असतलंस मनात.” त्या जराशा पुढे सरकल्या. “सांग माका. मी कोणाक सांगूचंय नाय.”

मी मनात काहीच धरलेलं नव्हतं. मला फक्त शर्ट हवा होता. तेही त्यांना सांगता येईना. मी तिथेच बसून राहिलो आणि त्यांनी मला जा म्हटलं नाही.